भागीचे घोडे

‘भागीचे घोडे किवणाने मेले’ अशी एक म्हण मराठीत फार जुनी आहे. घोडे दोघातिघांच्या मालकीचे. ज्याला बाजारास जावयाचे असे तो त्याच्या पाठीवर खोगीर चढवी. दुसऱ्या दिवशी दुसरा त्याला पाहुण्यांच्या गावी नेई. पाठीवर जखम झाली तेव्हा ती प्रत्येकाने पाहिली, आणि औषध दुसरा लावील असे प्रत्येकासच वाटले. जखम चिघळली व घोडे मेले. या कथेत दुष्ट असा कोणीच नाही. सर्वांनी घोड्याचा उपयोग केला आणि सर्वांनी एकमेकांवर विश्वास टाकला, एवढाच काय तो त्यांचा दोष.

ही म्हण ज्यांच्या तोंडी प्रथम आली त्यांना संगणक ठाऊक असणे शक्य नव्हते. तथापि आज घरोघरीच्या आणि कचेऱ्या-शाळांतील जवळजवळ प्रत्येक संगणकात अशी शेकडो भागीची घोडी बांधलेली असतात. त्यांना संगणकाच्या परिभाषेत सामायिक लायब्ररी म्हणतात. विंडोज पद्धतीच्या संगणकात अशा फाईलच्या नावाअखेर ‘डीएलएल’ ही तीन अक्षरे असतात, लिनक्स पद्धतीत ‘एसओ’ ही दोन. संगणक वापरणाऱ्या शंभरांतील नव्वद माणसे या फाईली कधी उघडून पाहत नाहीत, आणि पाहिल्या तरी त्यांत माणसाने वाचावे असे काही नसते. परंतु त्यांच्यावाचून एकही खिडकी पडद्यावर उमटावयाची नाही आणि एकही निरोप समुद्रापार जावयाचा नाही.

लायब्ररी हे नाव ऐकून डोळ्यांपुढे पुस्तकांचे कपाट येते, आणि ते चित्र अगदीच चुकीचे नाही. इंग्लंडातील केंब्रिज विद्यापीठात मॉरिस विल्क्स यांच्या नेतृत्वाखाली तयार झालेले ‘एडसॅक’ हे गणनयंत्र ६ मे १९४९ रोजी प्रथम चालले. यंत्रास द्यावयाच्या आज्ञा कागदी फितीवर छिद्रे पाडून लिहीत. थोड्याच दिवसांत विल्क्स यांच्या ध्यानात आले की उरलेल्या आयुष्याचा बराच भाग स्वतःच्याच आज्ञावल्यांतील चुका शोधण्यात खर्च होणार. ज्याने त्याने तेच गणित पुन्हा पुन्हा मांडावे आणि त्याच चुका पुन्हा पुन्हा कराव्यात, यात शहाणपण नव्हते. म्हणून नेहमी लागणारी कामे एकदाच लिहून, नीट तपासून, त्यांच्या फिती एका कपाटात ठेवावयाच्या आणि ज्यास गरज पडेल त्याने तेथून घ्यावयाच्या, अशी व्यवस्था तेथे रूढ झाली. विल्क्स, डेव्हिड व्हीलर व स्टॅन्ली गिल या तिघांनी १९५१ साली या पद्धतीवर पुस्तकच प्रसिद्ध केले.

त्या काळी फितीची नक्कल करून ती आपल्या आज्ञावलीस जोडीत; म्हणजे प्रत्येकाजवळ आपापली प्रत असे. पुढे असा विचार आला की प्रत तरी प्रत्येकाने का बाळगावी? मूळ एकच ठेवावे आणि सर्वांनी त्याच्याकडे यावे. १९६०नंतरच्या दशकात अमेरिकेतील ‘मल्टिक्स’ या पद्धतीत हे प्रत्यक्षात आले, आणि नोव्हेंबर १९८५मध्ये निघालेल्या विंडोजच्या पहिल्या आवृत्तीपासूनच मायक्रोसॉफ्टने हा मार्ग पत्करला. आज्ञावली आपल्याजवळ केवळ एक चिठ्ठी ठेवते, की अमुक नावाच्या फाईलमधील अमुक नावाचे काम मला लागेल. ती सुरू होताच संगणक ही चिठ्ठी वाचतो, त्या नावाची फाईल शोधून काढतो आणि दोहोंची गाठ घालून देतो. यामुळे जागा वाचते, स्मृती वाचते. आणि त्याहून मोठा लाभ असा की सामायिक फाईलमधील एखादी चूक एकदा सुधारली म्हणजे तिच्यावर विसंबणाऱ्या सर्वांचीच सुधारते.

परदेशांतील मराठी मंडळांच्या सभासदांस ही व्यवस्था समजावून सांगण्याची फारशी आवश्यकता नाही. दोनशे माणसांचा भात शिजेल असे पातेले प्रत्येक घरी कोण ठेवणार? ते मंडळाच्या कपाटात असते, त्यावर मंडळाचे नाव घातलेले असते, आणि ज्याच्या घरी कार्य निघेल तो ते घेऊन जातो. आता कल्पना करावी की एका गृहस्थाने कार्य उरकल्यावर मोठे पातेले आपल्याकडे ठेवले आणि तेच नाव घातलेले, पण निम्म्या आकाराचे जुने पातेले कपाटात आणून ठेवले. कपाट उघडून पाहणाऱ्यास पातेले दिसेल, त्यावरचे नावही बरोबर दिसेल. घोटाळा उघडकीस येईल तो पुढच्या कार्याच्या दिवशी, तांदूळ धुऊन झाल्यावर.

१९९०नंतरच्या दशकात संगणकांत नेमके हेच घडू लागले. नवी आज्ञावली संगणकात बसविण्याचे काम ‘इन्स्टॉलर’ नावाची दुसरी एक आज्ञावली करते. ती फाईली आणून त्यांच्या जागी ठेवते आणि त्यांची नोंद करते. आपली आज्ञावली चालण्यास ज्या सामायिक फाईली लागतील त्या प्रत्येक इन्स्टॉलर बरोबरच घेऊन येई. कपाटात त्याच नावाची अधिक नवी फाईल आधीच आहे की काय हे पाहण्याचे कष्ट मात्र अनेक इन्स्टॉलर घेत नसत. आपल्याजवळची जुनी प्रत ते तिच्यावर खुशाल ठेवून देत. एखाद्या शाळेची त्या काळातील संगणक-खोली घ्यावी. सोमवारी भूगोलाच्या शिक्षकांनी नकाशांची नवी तबकडी आणून बसविली. नकाशे उत्तम दिसले. मंगळवारी सकाळी शब्दकोश उघडेना, आणि त्याने ज्या फाईलचे नाव घेऊन तक्रार केली तिचा नकाशांशी कसलाही संबंध कोणास दिसेना. मुलांनी काही मोडले नव्हते, शिक्षकांनी काही बिघडविले नव्हते. नकाशांच्या इन्स्टॉलरने आपले काम केले होते. फक्त ते करताना शेजाऱ्याचे पातेले बदलले होते.

संगणकातून एखादी आज्ञावली काढून टाकतानाही असाच पेच पडे. एका सामायिक फाईलवर किती जण अवलंबून आहेत त्याची मोजणी विंडोज ठेवीत असे. इन्स्टॉलरने येताना आकडा एकाने वाढवावा, जाताना एकाने कमी करावा, आणि शून्य झाले म्हणजे फाईल काढून टाकावी, असा नियम होता. पण नियम पाळणे न पाळणे इन्स्टॉलर लिहिणाऱ्याच्या मर्जीवर. मग आकडा चुके, आणि पडद्यावर प्रश्न उमटे, की ही सामायिक फाईल आता कोणी वापरीत नसावे, काढून टाकू काय? ज्यास हा प्रश्न विचारला जाई त्या बिचाऱ्या माणसाने त्या फाईलचे नाव आयुष्यात प्रथमच ऐकलेले असे. या साऱ्या दुरवस्थेला संगणकतज्ज्ञांनी ‘डीएलएलचा नरक’ असे नाव दिले होते, आणि ते अतिशयोक्त नव्हते.

या नरकातून सुटकेचे उपाय निघाले ते तत्त्वतः अगदी घरगुती होते. १९९९मध्ये ऑफिस २०००बरोबर मायक्रोसॉफ्टने ‘विंडोज इन्स्टॉलर’ आणला. फाईली ठेवण्याचे व काढण्याचे काम ज्याने त्याने आपल्या मनाने करावयाचे नाही, ते एका जबाबदार सेवेकडे सोपवावयाचे, आणि तिने फाईलच्या अंगावरील आवृत्तीचा क्रमांक पाहून, अधिक नवी फाईल जुनीखाली झाकली जाऊ द्यावयाची नाही, असा हा प्रकार. गमतीची गोष्ट अशी की ही सेवा स्वतःही एका डीएलएलमध्येच राहते. २०००मध्ये आलेल्या विंडोज २०००ने पुढचे पाऊल टाकले. संगणकाची मूळ फाईल कोणी बदललीच, तर राखून ठेवलेली चांगली प्रत ते गुपचूप परत जागेवर आणून ठेवू लागले. आणि २००१च्या विंडोज एक्स्पीने एकाच फाईलच्या दोन आवृत्त्या शेजारी शेजारी नांदविण्याची सोय केली. ज्यास जुने पातेले हवे त्याने जुने घ्यावे, ज्यास नवे हवे त्याने नवे. म्हणजे कपाटाला किल्ली आली, वहीत नोंद होऊ लागली आणि नोंद पाहणारा नेमला गेला. भांडी तीच राहिली.

सामायिक फाईलवर जगणारी दुसरी एक मोठी जात आहे ती नेटवर्कवर देखरेख ठेवणाऱ्या साधनांची. संगणकात येणारे आणि तेथून जाणारे सर्व निरोप लहान लहान पाकिटांत बांधलेले असतात. ज्याचे पाकीट त्याच्या हाती, असा सर्वसाधारण रिवाज. परंतु वाट कोठे तुंबली, अनोळखी दारावर कोण थापा मारतो आहे, हे ज्यास पाहावयाचे असेल त्यास वाटेवर उभे राहून प्रत्येक पाकिटाची नक्कल मिळणे आवश्यक असते. अमेरिकेतील लॉरेन्स बर्कली प्रयोगशाळेत व्हॅन जेकबसन, क्रेग लेरेस व स्टीव्हन मॅकॅन यांनी ‘टीसीपीडम्प’ हे साधन १९८८मध्ये तयार केले. या कामातील अवघड भाग, म्हणजे संगणकाच्या गाभ्यातून पाकिटांच्या नकला मिळविण्याचा, पुढे वेगळा काढून ‘लिबपीकॅप’ ही लायब्ररी झाली. नको असलेली पाकिटे गाभ्यातच गाळून टाकण्याची मॅकॅन व जेकबसन यांची युक्ती १९९३मध्ये प्रसिद्ध झाली. आज पाकिटे पाहणारे ‘वायरशार्क’, घुसखोर ओळखणारे ‘स्नॉर्ट’, दारे तपासणारे ‘एनमॅप’ अशी कितीतरी साधने याच एका घोड्यावर किंवा त्याच्या भावंडांवर स्वार झालेली आहेत.

विंडोजसाठी हेच काम इटलीतील तुरीनच्या तंत्रविद्यापीठात सुरू झालेल्या ‘विनपीकॅप’ने केले. त्याची शेवटची आवृत्ती मार्च २०१३मध्ये निघाली आणि नंतर काम थांबले. थांबले ते काम. वापर थांबला नाही. विंडोज बदलत गेले, नेटवर्क बदलत गेले, आणि धन्याने सोडलेले घोडे मात्र अनेक वर्षे लोकांस वाहत राहिले. अखेर एनमॅपच्या मंडळींनी ‘एनपीकॅप’ नावाची नवी लायब्ररी हाती घेतली, आणि २०१९च्या वायरशार्कच्या तिसऱ्या आवृत्तीने तिचा स्वीकार केला. यातील एक बारकावा मोठा शिकण्याजोगा आहे. नव्या फाईलचे नाव जुन्या फाईलचेच ठेवले, कारण साऱ्या चिठ्ठ्यांवर तेच नाव लिहिलेले होते. परंतु ती ठेवावयाची जागा वेगळ्या फोल्डरात केली, जेणेकरून जुन्या फाईलवर ती झाकली जाऊ नये. डीएलएलच्या नरकातून गेलेल्या माणसांचे हे शहाणपण आहे.

येथपर्यंतची कथा निष्काळजीपणाची. यापुढची विश्वासघाताची आहे, कारण जे सर्वांच्या उपयोगाचे त्यावर एकाच वेळी सर्वांना गाठू इच्छिणाऱ्याची नजर पडतेच.

अमेरिकेतील सोलरविंड्स कंपनीची ‘ओरायन’ ही नेटवर्कवर देखरेख ठेवणारी आज्ञावली सरकारी खाती व मोठ्या कंपन्या विश्वासाने वापरीत. २०१९मध्ये घुसखोरांनी ओरायन जेथे तयार होई त्या कारखान्यातच शिरकाव केला. आज्ञावलीची बांधणी चालू असताना एक मूळ फाईल क्षणभर बदलावयाची आणि बांधणी होताच पूर्ववत ठेवावयाची, अशी त्यांची रीत. परिणामी ओरायनच्या एका डीएलएलमध्ये त्यांचे चोरदार कंपनीच्या अस्सल सहीशिक्क्यासह जडविले गेले. मार्च ते जून २०२०मध्ये निघालेल्या सुधारणांबरोबर ती फाईल ग्राहकांकडे गेली, आणि नेली कोणी? तर त्याच विंडोज इन्स्टॉलरने, नियमाप्रमाणे. आवृत्ती नवी होती, सही खरी होती. त्यास हरकत घेण्याचे कारणच नव्हते. अठरा हजारांच्या आतबाहेर ग्राहकांनी ती सुधारणा घेतली. फाईल जवळजवळ दोन आठवडे निपचित पडून राही व मग बोलू लागे. अमेरिकन सरकारने फेब्रुवारी २०२१मध्ये सांगितले त्याप्रमाणे नऊ केंद्रीय खात्यांत व सुमारे शंभर कंपन्यांत प्रत्यक्ष चोरी झाली. रखवालदाराच्याच कंदिलात चोर बसला होता.

ही गोष्ट उघडकीस कशी आली? फायरआय या सुरक्षा-कंपनीत एका कर्मचाऱ्याच्या नावावर दुसरा फोन नोंदविला गेला. कोणीतरी त्यास विचारले, हा फोन आपलाच काय? तो म्हणाला, नाही. त्या एका साध्या प्रश्नापासून तपास सुरू झाला आणि १३ डिसेंबर २०२० रोजी सर्व जगास ही वार्ता कळली.

दुसरी घटना २०२४ची, आणि ती म्हणीच्या अर्थाशी अधिकच जुळणारी आहे. ‘एक्सझेड’ नावाच्या संचात फाईली दाबून लहान करणारी ‘लिबएलझेडएमए’ ही लायब्ररी आहे. डेबियन या लिनक्स-प्रकारात नवी आज्ञावली बसविणारे साधन तिच्याच साहाय्याने गाठोडे सोडते. इतक्या उपयोगाच्या या वस्तूची निगा अनेक वर्षे मुख्यत्वे एकच गृहस्थ फुरसतीच्या वेळी ठेवीत होते. २०२२मध्ये त्यांनी उघडपणे लिहिले होते की प्रकृतीच्या तक्रारींमुळे पूर्वीसारखे लक्ष देणे होत नाही, आणि हे काम बिनपगारी हौसेचे आहे. त्याच सुमारास काही अनोळखी नावांनी त्यांच्यावर दिरंगाईची टीका चालविली होती. आणि तेवढ्यात एक अतिशय सालस, कामसू साहाय्यक पुढे आला. त्याने दोन वर्षांहून अधिक काळ चांगले काम केले, विश्वास संपादन केला, हळूहळू कारभार हाती घेतला. आणि २०२४च्या फेब्रुवारी-मार्चमध्ये ५.६.० व ५.६.१ या आवृत्त्यांत चाचणीच्या फाईलींआड दडवून चोरदार बसविले. रोख होता दूरच्या संगणकात प्रवेश देणाऱ्या ‘एसएसएच’ सेवेवर. मूळ एसएसएच या लायब्ररीस ओळखतही नाही. परंतु काही लिनक्स-प्रकारांनी त्यास आणखी एक लायब्ररी जोडली होती आणि त्या लायब्ररीस ही लागत होती. मित्राच्या मित्रास घरात घेतल्यासारखा हा प्रकार.

आन्द्रेस फ्रॉइंड नावाचे एक अभियंते त्या वेळी वेगळ्याच कामासाठी वेग मोजीत होते. एसएसएचमधून आत येण्यास सुमारे अर्धा सेकंद अधिक लागतो असे त्यांस दिसले. अर्धा सेकंद! त्यांनी तो सोडून दिला असता तर कोणी नावे ठेवली नसती. त्यांनी सोडला नाही, आणि २९ मार्च २०२४ रोजी सर्व वृत्तान्त जाहीर केला. प्रमुख लिनक्स-प्रकारांच्या स्थिर आवृत्त्यांत ती फाईल अद्याप पोहोचली नव्हती.

हे ऐकल्यावर कोणी म्हणेल, मग ही भागीदारीच नको. ज्याने त्याने आपले घोडे आपल्या दारी बांधावे. तसे करणारेही आहेत. पण त्यात दुसरे संकट आहे. एप्रिल २०१४मध्ये ‘ओपनएसएसएल’ या लायब्ररीतील ‘हार्टब्लीड’ हा दोष उघड झाला तेव्हा जेथे ती सामायिक होती तेथे एक फाईल बदलून व सेवा पुन्हा सुरू करून काम भागले. जेथे तिच्या प्रती पोटात घेऊन आज्ञावल्या फिरत होत्या तेथे प्रत्येकीस वेगळे शोधून वेगळे औषध द्यावे लागले. त्याच प्रसंगी हेही कळले की जगाचे गुप्त व्यवहार जिच्यावर चालत त्या लायब्ररीस देणग्या मिळत त्या वर्षाकाठी सुमारे दोन हजार डॉलर. घोड्यावर बसणारे कोट्यवधी, आणि चाऱ्यासाठी एवढे! भागीदारी हा दोष नव्हे. भागीदारीत निगेचा वाटा कोणाकडे हे न ठरविणे, हा दोष होय.

सामान्य माणूस आज्ञावल्या लिहीत नाही. म्हणून या भागीदारीतून तो सुटतो असे मात्र नाही. सुधारणा आल्याचे संगणक सांगतो तेव्हा ‘नंतर’ या बटणावर बोट ठेवणे म्हणजे औषध दुसरा लावील असे म्हणणेच होय. कोठून तरी उतरवून घेतलेली अनोळखी डीएलएल ‘ही घातली की चालेल’ अशा सल्ल्यावरून जागेवर ठेवणे म्हणजे वाटेवर सापडलेले पातेले न धुता चुलीवर चढविणे होय. आणि उतरवून घेतलेल्या फाईलींचा ढीग ज्या फोल्डरात पडलेला असतो तेथूनच इन्स्टॉलर चालविणेही बरे नव्हे. आज्ञावली आपल्या चिठ्ठीवरील फाईल पुष्कळदा प्रथम स्वतःच्याच फोल्डरात शोधते, आणि त्या ढिगात त्याच नावाची दुसऱ्या कोणाची फाईल बसलेली असू शकते.

एक्सझेडचा वृत्तान्त प्रसिद्ध झाल्यावर जगभर लेख लिहिले गेले, चर्चा झाल्या. इकडे ते मूळचे गृहस्थ पुन्हा कामास बसले. साहाय्यकाने घातलेली प्रत्येक ओळ त्यांनी तपासली, घातक भाग काढून टाकला आणि २९ मे २०२४ रोजी ५.६.२ ही स्वच्छ आवृत्ती प्रसिद्ध केली. ज्या असंख्य संगणकांत ती पुढे गेली त्यांच्या धन्यांना त्या गृहस्थांचे नावही ठाऊक नाही. संगणकाने एके दिवशी सुधारणा झाल्याचे सांगितले, त्यांनी मान डोलाविली, आणि नेहमीचे काम पुढे चालू झाले.